उतारावरची नावं

कल्याण पूर्व
९ जानेवारी २०२६

भुयारी स्थानक प्रदर्शनाच्या व्यवस्थापकांस,

नमस्कार. टेंभी नाक्याजवळच्या सभागृहात कोपरीच्या नियोजित भुयारी स्थानकाचं प्रदर्शन भरलं आहे, ते मी गेल्या रविवारी माझ्या मुलीबरोबर पाहिलं. दारात ‘सूचना व हरकती लेखी पाठवाव्यात’ असा फलक आहे, म्हणून लिहिते आहे. मोबाइलवरूनही पाठवता येतात म्हणे, पण मला हाताने लिहिलेलंच जमतं.

प्रदर्शन चांगलं आहे. मी बरीच वर्षं अंगणवाडीत काम केलं, आता गुडघ्यांमुळे सोडलं. त्यामुळे हात लावून बघता येतील अशा वस्तू मांडल्या की मला बरं वाटतं. जमीन उभी कापून आत स्थानक कसं बसणार, तो नमुना समजला. वर रस्ता, त्याखाली तिकिटांचा मजला, त्याखाली फलाट. खाडी जवळ असल्याने जमिनीत पाणी लागतं, म्हणून आधी चारी बाजूंनी काँक्रीटच्या भिंती खोल उतरवायच्या आणि मग मधली माती काढायची, हेही समजलं. तिकिटांच्या मजल्यावर जायला जिन्याबरोबर उतारही ठेवला आहे, त्याबद्दल माझ्यासारख्यांकडून आभार.

माझी हरकत त्या उताराबद्दलच आहे. तो तुम्ही खराखुरा बांधून दाखवला आहे आणि त्यावरून खाली जाताना भिंतीतून एका म्हाताऱ्या बाईचं गाणं ऐकू येतं. पाटीवर ‘कोळी समाजातील पारंपरिक विवाहगीत’ एवढंच लिहिलं आहे. तो धवला आहे. कोळ्यांच्या लग्नात धवलारीण तो म्हणते. आणि तुम्ही जो तुकडा लावला आहे, त्यात ती त्या घरच्या मेलेल्या माणसांना नाव घेऊन लग्नाला बोलावते आहे.

त्यातलं शेवटचं नाव ‘शकू’ असं आहे. ही बाई मेलेली नाही. मी तिला चांगली ओळखते. ती खाऊनपिऊन सुखी आहे. उद्या स्थानक झालं की रोज जमिनीखाली उतरणाऱ्या लोकांच्या कानावर तिचं नाव मेलेल्यांत पडणार, हे बरोबर नाही. कृपया ते नाव काढावं.

आपली,
कांता जगन रोकडे


वागळे इस्टेट, ठाणे
१४ जानेवारी २०२६

आदरणीय कांताताई,

आज संक्रांत आहे, तेव्हा आधी तिळगूळ घ्या. पत्रातून पाठवता येत नाही, तरी घ्या.

तुमचं पत्र ऑफिसात सगळ्यांनी हातात धरून पाहिलं. आम्हाला आलेल्या सूचनांमध्ये ‘एसी वाढवा’ आणि ‘वडापावचा स्टॉल पाहिजे’ याच जास्त. उताराचे आभार मानणाऱ्या तुम्ही पहिल्या. तो उतार मी काढलाय, त्यामुळे मी दोन दिवस हवेत होते. मी आर्किटेक्ट आहे आणि या स्थानकाच्या आतल्या रचनेचं काम माझ्याकडे आहे. मी मूळची चेंदणी कोळीवाड्यातली, म्हणजे स्थानक माझ्या घराच्या जवळजवळ अंगणातच होणार म्हणा ना.

तुम्ही एवढं बारकाईने पाहिलंत म्हणून थोडी मागची गोष्ट सांगते. बोरीबंदरहून पहिली आगगाडी ठाण्याला आली, हे आपण शाळेत घोकलेलं असतं. त्या रुळांनी आमच्या कोळीवाड्याचे दोन भाग केले, अर्धी घरं पूर्वेला आणि अर्धी पश्चिमेला, हे मात्र कोणी शिकवत नाही. म्हणून मी पहिल्या दिवसापासून हट्ट धरला की तिकिटांचा मजला रुळांखालून आरपार जाऊ दे. तिकीट न काढताही माणसाला या बाजूच्या भावाकडून त्या बाजूच्या भावाकडे जाता आलं पाहिजे. आमच्या सरांनी हो नाही करत ते मान्य केलं. मग उताराचा हट्ट. पहिल्या आराखड्यात नुसते सरकते जिने होते. मी म्हटलं, जमिनीखाली जाताना माणूस जरा बिचकतो, त्याला कोणीतरी आतून बोलावून घ्यायला पाहिजे. तिथून गाण्याची कल्पना आली.

आता तुमच्या हरकतीबद्दल. तो आवाज माझ्या सख्ख्या आजीचा आहे. आवडाबाई तिचं नाव, कोळीवाड्यातली सगळ्यात जुनी धवलारीण. मागच्या वर्षी हेमालीच्या, म्हणजे माझ्या चुलतबहिणीच्या लग्नात ती गात होती, तेव्हा मी मोबाइलवर रेकॉर्ड केलं. नावं आमच्याच घरातल्या लोकांची आहेत. तिथे तिचा आवाज असा काही खाली उतरतो की अंगावर काटा येतो, म्हणून मी नेमका तोच तुकडा घेतला. त्यातली शकू म्हणजे माझी आत्या, बाबांची धाकटी बहीण. माझ्या जन्माच्या आधीच ती तापाने गेली. तुम्ही ओळखता ती शकू दुसरी कोणी असणार. आमच्या कोळीवाड्यात शकू भरपूर.

तरी तुमच्या मैत्रिणीला माझा नमस्कार सांगा. आणि तिला म्हणावं, स्थानक झाल्यावर बघायला ये, मी स्वतः उतारावरून फिरवून आणेन.

तुमची,
प्राप्ती


कल्याण पूर्व
१९ जानेवारी २०२६

प्राप्ती,

तुला अगं-तुगं करते आहे. का ते पुढे कळेल.

ताप कोणता होता ते तू लिहिलं नाहीस. मलेरिया होता की टायफॉइड? मी विचारते आहे कारण मला तो आलेला आठवत नाही.

शकू वागळे इस्टेटमध्ये पंख्यांच्या एका कारखान्यात पॅकिंगला होती. तू आज जिथे बसून नकाशे काढतेस, तिथून तो फार लांब नसेल. जगन रोकडे त्याच कारखान्यात फिटर होता. कल्याणचा, घर बौद्ध. दोघांनी लग्न करायचं ठरवलं. तिच्या बापाने तिला कोंडून ठेवलं, ती सुटली, लग्न केलं. ज्या दिवशी घरी कळलं, त्या दिवशी तिच्या मोठ्या भावाने, कान्हाने, मीठबंदरावर जाऊन तिच्या नावाने आंघोळ केली. बोलण्यापुरती नाही. चार लोकांसमोर, कपडे काढून, खाडीच्या पाण्यात. हे तिला कारखान्यातल्याच एका बाईने येऊन सांगितलं. कान्हा म्हणजे तुझे बाबा. सासरी तिचं नाव कांता ठेवलं. ती मी.

त्या रविवारी मेघना, माझी मुलगी, मला मुद्दाम घेऊन आली होती. आई कोळ्यांची आहे, तिला बघायला आवडेल, असं तिला वाटलं. ती पुढे फोटो काढत गेली. मी उताराच्या मध्यावर कठडा धरून उभी राहिले. इतक्या वर्षांनी आईचा आवाज ऐकला. पहिल्या शब्दाला ओळखला. मला इतका आनंद झाला होता की पुढे काय येतंय तिकडे माझं लक्षच नव्हतं. मग तिने आजोबांना हाक मारली, काकांना मारली आणि मग मला. मागून येणाऱ्या एका बाईने विचारलं, तुम्हाला चक्कर येतेय का. मी हो म्हटलं.

मला तुझ्यावर राग काढायचा नाही. तू तेव्हा नव्हतीस. नाव काढ, एवढंच मागते. भेटायला येऊ नकोस आणि फोन करू नकोस. आणि पाकिटाच्या मागे तुझं आडनाव, कोळीवाडा, काही लिहू नकोस. टपाल मेघना घेते. तिला यातलं काही माहीत नाही.

कांता


ठाणे
२४ जानेवारी २०२६

आत्या,

असं म्हणायचा मला हक्क आहे की नाही, माहीत नाही. नसेल तर ओळ खोडून टाका.

माझं पहिलं पत्र आठवलं की कान गरम होतात. ‘शकू भरपूर’ असं मी लिहिलं. तुम्हाला. मला त्यात गंमत वाटली होती. आणि मेलेल्यांना बोलावणारा तुकडा मी ‘अंगावर काटा येतो’ म्हणून उचलला, आजीला न विचारता. तिचा आवाज सभागृहात लागलाय हे तिला अजून माहीत नाही. विचारावं असं मला सुचलंच नाही, माझ्या घरातली वस्तू म्हणून मी उचलली आणि लावली. मागच्या आठवड्यात कोळीवाड्यातली सखुबाई प्रदर्शनाला आलेली. उतारावर तिने कानांवर हात ठेवले आणि मागे फिरली. मला वाटलं, आवाज मोठा झाला असेल.

बाबांना विचारलं. ते बाहेर खुर्चीत बसून पेपर वाचत होते. मी म्हटलं, शकू आत्या कशाने गेली. ते म्हणाले, तापाने. मी म्हटलं, कल्याणला राहते ती. त्यांनी पेपर खाली केला नाही. पेपरामागूनच म्हणाले, यज्ञेशचं लग्न होळीनंतर आहे, तोवर घरात हा विषय नको. यज्ञेश माझा धाकटा भाऊ. मी त्यांच्याशी भांडेन असं मला वाटलं होतं. मी आत जाऊन चहा टाकला. एवढंच केलं मी.

पाकिटाबद्दल लिहिलंत ते समजलं. आमचं नाव तुमच्या घरात नको वाटणं साहजिक आहे. आम्ही वागलोच तसे आहोत. यापुढे मागे काही लिहिणार नाही.

नाव मी काढते. साउंडवाल्याशी बोलणं झालंय, एक-दोन दिवसांत होईल.

प्राप्ती


कल्याण पूर्व
३० जानेवारी २०२६

प्राप्ती,

काल मी पुन्हा आले होते. एकटी आले. मेघनाला दवाखान्यात जाते म्हणून सांगितलं.

नाव आहे तिथेच आहे. फक्त गाण्याचा आवाज तू कमी केला आहेस. मला कान देऊन ऐकावं लागलं. एका ठिकाणी उभं राहून मी नीट ऐकलं आणि आलं नाव. हळू आवाजात मेलेलं माणूस कमी मेलेलं असतं का?

तुझे साहेब बहुतेक तेच असावेत, चश्मा आणि पांढरा शर्ट. ते काही पाहुण्यांना सांगत होते की हे गाणं म्हणजे या स्थानकाचा आत्मा आहे. तू त्यांच्या मागे उभी होतीस. गळ्यात ओळखपत्र होतं, त्यावरून कळलं. तुझं कपाळ अगदी आईसारखं आहे. तू मान हलवत होतीस.

कान्हाने निदान उघड्यावर आंघोळ केली. तू आवाज कमी केलास.

कांता


ठाणे
६ फेब्रुवारी २०२६

आत्या,

तुमचं पत्र मी ऑफिसच्या जिन्यात बसून वाचलं. तुम्ही मला पाहिलंत आणि मी तुम्हाला पाहिलं नाही, यापेक्षा जास्त लाज मला कशाचीच वाटली नाही.

खोटं सांगणार नाही. साउंडवाल्याशी माझं काही बोलणं झालं नव्हतं. नाव काढायचं तर सरांना कारण सांगावं लागणार होतं. सर ते गाणं सगळ्यांना कौतुकाने ऐकवतात. आणि माझ्या शेजारच्या टेबलावर संचिता बसते. स्थानकाचे खांब तिने काढलेत, ते वर फांद्यांसारखे फुटतात ना, ते. ती बौद्ध आहे. चार वर्षं रोज मी तिच्या डब्यातलं खाते आणि ती माझ्या डब्यातलं सुकट. आमच्यात असलं काही नाही, असं मी तिला कितीदा तरी ऐकवलंय. आता तिच्यासमोर उठून हे कसं सांगायचं, म्हणून मी बटण फिरवून आवाज कमी केला. आवाज कमी आहे म्हणून कोणी तक्रार केली नाही, तेव्हा मला सुटल्यासारखंही वाटलं. अशी आहे मी.

सोमवारच्या मीटिंगमध्ये सर म्हणाले, आवाज पुन्हा वाढवा, ऐकू येत नाही. तेव्हा मी उठले आणि सांगितलं. म्हटलं, “यातली शकू माझी आत्या आहे, ती जिवंत आहे. बौद्ध माणसाशी लग्न केलं म्हणून आम्ही तिला मेलेल्यांत घातलं.” सर म्हणाले, बरं मग तेवढं नाव कापून टाकू. संचिता उठली, टेंभी नाक्याच्या सभागृहात गेली आणि गाणंच बंद केलं. दुपारी आम्ही जेवलो नाही, दोघीही. दुसऱ्या दिवशी तिने डबा उघडून माझ्यासमोर सरकवला. ती म्हणाली, खा गं, आणि तिने नकाशा उघडला. उतार आता गप्प आहे. नुसता लोकांच्या चपलांचा आवाज येतो. नकाशातूनही मी गाणं कायमचं काढलं.

मग घरी आजीला सांगायला गेले तर सखुबाईने तिला आधीच सांगून ठेवलेलं. हे तुम्हाला माहीतच असेल, मला माहीत नव्हतं. मेलेल्यांना लग्नात बोलावलं की त्यांच्या नावाने पान वाढावं लागतं, जेवूखाऊ घालून परत पाठवावं लागतं. मी त्यांना एका भिंतीतून दिवसभर बोलावत ठेवलं होतं आणि वाढलं काहीच नव्हतं. कोळीवाड्यातल्या बायका आजीला विचारायला लागल्या की तुझ्या घरचे आता जेवायला कुठे जायचे. आजी तेव्हापासून बाहेर निघत नाही. यज्ञेशच्या लग्नात धवला म्हणणार नाही म्हणते. पाय धरले तर पाय ओढून घेतले.

मी रडत रडत तिला विचारलं की तू जिवंत मुलीला मेलेल्यांत का हाक मारतेस. आत्या, तिचं उत्तर तिच्याच शब्दांत लिहिते. ती म्हणाली, “जित्या मानसाला बोलवाचं तं त्याच्या दारान अक्षता घेऊन जावा लागतंय. मना कोन जाऊ देनार व्हता? मेल्यांना बोलवाला कुनाची परवानगी लागत नाय.”

घरातलं एकही लग्न तिने तुमच्याशिवाय होऊ दिलं नाही, असं ती म्हणते. तुमचं पानही वाढते आणि पानात कोलंबी जास्त घालते, कारण तुम्हाला आवडायची. बाबांना वाटायचं की आईनेही शकूला मेलेली धरली आहे, म्हणून ते कधी काही बोलले नाहीत. आणि आजीला वाटायचं की बाबा गप्प आहेत तोवर हाक मारून घ्यावी. एका घरात राहून दोघांनी एकमेकांना कधी विचारलं नाही. बाबा दाराशी उभे राहून हे सगळं ऐकत होते. ऐकून ते खाडीकडे निघून गेले, जेवायलाही आले नाहीत.

हे ऐकून तुम्हाला बरं वाटेल अशी माझी अपेक्षा नाही. मला सांगायचं होतं.

प्राप्ती


कल्याण पूर्व
१२ फेब्रुवारी २०२६

प्राप्ती,

पत्र पोचलं. गाणं बंद केलंस, ते चांगलं केलंस. त्या संचिताला माझा जय भीम सांग.

आईला सांग, बोलावणं पोचलं नाही. ठाण्याला बसून कोणी हाक मारली तर कल्याणला ऐकू येत नाही. महेंद्र आणि मेघनाच्या वेळी माझी बाळंतपणं सासूने केली. तिच्या हातचं गरम पाणी अंगावर घेताना मी आईला शिव्या दिल्या आहेत. जगन गेले, तेव्हा सगळं घर माणसांनी भरलं होतं आणि मी दाराकडे बघत होते. त्या वर्षीही तुमच्याकडे कोणाचं तरी लग्न असेल. माझं पान वाढलं असेल. कोलंबी कोणी खाल्ली?

मी कठोर लिहिते आहे, पण वाचताना मला रडू आलं हेही खरं आहे. मेघनाने विचारलं, काय झालं. म्हटलं, कांदा.

तुझ्या मनात काय येणार ते मला कळतं. आईला इकडे आणू नकोस. मी रागावले आहे म्हणून नाही. तुम्ही कोळी म्हणून तर अजिबात नाही, ते तू उगीच मनाला लावून घेतलं आहेस. माझी मुलं कोणासमोरही सांगतात की आमची आई कोळीण. कारण वेगळं आहे आणि ते लिहिण्यासारखं नाही. माझ्या तोंडाला काळं आहे, एवढं समज आणि सोडून दे.

कांता


ठाणे
२० फेब्रुवारी २०२६

आत्या,

हे पत्र तुमच्या हातात पडेल तेव्हा उशीर झालेला असेल, म्हणून घाईत लिहिते.

तुमचं पत्र मी आजीला वाचून दाखवलं, शेवटचा भाग सोडून. ‘आणू नकोस’ हे मी वाचलं नाही. ‘बोलावणं पोचलं नाही’ इथपर्यंत आले तेव्हा ती उठली, डब्यातून तांदूळ काढले आणि हळद लावायला बसली. मग पत्ता मागितला. मला नाही म्हणता आलं असतं. नाही म्हटलं नाही. तुम्ही काहीतरी सांगू शकत नाही आहात हे कळूनही पत्ता दिला.

उद्या शनिवारी सकाळी निघते म्हणते. मी बरोबर येते म्हटलं तर नको म्हणाली. बाबा कोणाशी तरी फोनवर रिक्षाचं बोलत होते. ते तिच्यासाठी ठरवत होते की स्वतःही येणार आहेत, हे विचारायचं मला धाडस झालं नाही.

रागावा माझ्यावर.

प्राप्ती


कल्याण पूर्व
२३ फेब्रुवारी २०२६

बाळ प्राप्ती,

तुझं पत्र आज आलं. आई शनिवारीच येऊन गेली.

यज्ञेशच्या हळदीला मी आणि मेघना येऊ. महेंद्र अजून बोलत नाही. तुमच्यावर नाही, माझ्यावर रागावला आहे. त्याचं बरोबर आहे. का ते तुला सांगायला हवं, कारण तू माझ्यापुढे काही लपवलं नाहीस आणि मी मात्र तुला ‘तोंडाला काळं आहे’ एवढं लिहून मोकळी झाले.

मुलं लहान होती, तेव्हा मे महिन्यात चाळीतली सगळी पोरं मामाकडे जायची. माझी विचारायची, आपण कधी जायचं. जगन म्हणायचे, खरं सांग, मुलांना कळतं. मला सांगवेना की माझ्या आईला मी चालत नाही. त्यांच्याच वडिलांमुळे चालत नाही, हे तर कसं सांगू? म्हणून मी सांगितलं की आजी-आजोबांची होडी खाडीत उलटली, दोघं बुडाली, मामाही गेला. एकाच दमात सगळं घर बुडवलं मी. मेघना तेव्हा रडली होती. दर वर्षी गटारीनंतर, खाडीला उधाण आलं की ती आजीसाठी एक फूल पाण्यात सोडायची, मोठी झाली तरी. मी तिच्या शेजारी उभी राहायचे. आणि वर तुला मी तापाबद्दल खोचक विचारलं.

शनिवारी मी स्वयंपाकघरात मेथी निवडत होते. बेल वाजली, मेघनाने दार उघडलं. बाहेरून आवाज आला, “शकू हाय?” मेघना म्हणाली, इथे शकू कोणी राहत नाही, तुम्हाला कोणता मजला सांगितलाय. माझ्या हातातून जुडी खाली पडली. मी बाहेर आले. आई उंबऱ्याबाहेर उभी होती. हिरवं लुगडं, एका हाताने भिंत धरलेली, दुसऱ्या हातात पिवळ्या अक्षतांची वाटी. किती लहान झाली आहे गं ती. जिन्याच्या खिडकीतून खाली रिक्षा दिसत होती, आत एक माणूस आमच्या इमारतीकडे पाठ करून बसला होता. त्या पाठीवरून मी कान्हाला ओळखलं. तो वर आला नाही. मीही हाक मारली नाही, अजून तेवढं मला जमत नाही.

आई माझ्याकडे बघत होती. मेघना एकदा तिच्याकडे आणि एकदा माझ्याकडे बघत होती. आमच्या तिघींची कपाळं एकासारखी एक, पोरीला डोळे आहेत. ती म्हणाली, “आई, या कोण?”

मी अंगणवाडीत सगळ्या पोरांना खरं बोलायला शिकवलं. मी मेथीचे हात पदराला पुसले. शेवटी म्हणाले, “माझी आई.”

मेघना म्हणाली, “पण तुझी आई तर…” आणि थांबली. मी खाली फरशीकडे बघत राहिले. ज्या बाईने मला जिवंतपणी मेलेल्यांत बसवलं म्हणून मी तुला एवढी कडक पत्रं लिहिली, तिला मी कुठे बसवलं होतं ते आता तिच्यासमोर उघडं पडलं होतं. वाटलं, आता ती अक्षता तिथेच टाकून फिरणार. फिरली असती तरी तिला थांबवायला मला तोंड नव्हतं.

आईने माझ्याकडे पाहिलं, पोरीकडे पाहिलं. सगळा जन्म मेलेल्यांना बोलावण्यात गेला तिचा, तिला काही समजावून सांगावं लागलं नाही. तिने चपला काढल्या, उंबरा ओलांडून आत आली, मेघनाच्या डोक्यावर अक्षता टाकल्या आणि खाली बसत म्हणाली, “व्हय गो बाय, मेली व्हते. आता आयले. पानी दे.”

तुझी,
शकू आत्या